टाकीजवळचं झाड आणि मागचं बेअरिंग

ती. ताई,

तुझ्या पायांवर डोकं ठेवून (गुडघा वाकत नाही म्हणून खुर्चीत बसूनच, पण ठेवलंय असं समज) हे पत्र लिहायला घेतलं आहे. इकडे आम्ही बरे आहोत. तुझ्या भावजयीची मान अधूनमधून अडकते, पण ती नेमकी माझ्या बाजूला वळायच्या वेळीच अडकते असं माझं निरीक्षण आहे. तुझ्या डोळ्याची पट्टी निघाल्यावर आता कसं दिसतं ते कळव. दाजींच्या खोकल्याची काळजी करू नकोस. परवा तू बोलत होतीस तेव्हा मागून तो मला ऐकू आला. आवाज वरचा आहे, घशातला. छातीत काही नाही. छातीतला असता तर त्याला पोकळ घुमारा असता. डॉक्टरांना दाखवायचं तर दाखवा, पण ते हेच सांगतील आणि वर बाटली देतील.

परवा त्याच फोनवर तू माझे आभार मानलेस. साठ वर्षांत पहिल्यांदा. म्हणालीस, पोरीच्या डोक्यातलं खूळ तू काढलंस, ती मुकाट्याने विमा कचेरीत परत रुजू झाली, सकाळी डबा घेऊन जाते, संध्याकाळी येते, एक शब्द बोलत नाही, तुझे हे उपकार मी विसरणार नाही. मी ‘अगं, त्यात काय’ म्हणालो आणि फोन ठेवला. त्यानंतर दोन दिवस मला जेवण गेलेलं नाही. (तुझी भावजय म्हणेल, गेलं. तिला रिकामं ताट दिसतं, माणूस दिसत नाही.) हे फोनवरच सांगितलं असतं, पण फोनवर तू मला बोलू देत नाहीस, कागदावर निदान वाक्य पुरं करता येतं. तेव्हा चष्मा लाव आणि पोरगी कचेरीतून यायच्या आत हे वाचून काढ.

तू तिला माझ्याकडे का पाठवलंस ते मला चांगलं आठवतंय. पक्की नोकरी सोडून ही मुलगी वसाहती-वसाहतींतून झाडाखाली बसून लोकांना गोष्टी सांगत फिरते, असं तू सांगितलंस. तिचं म्हणणं असं की माणसं एका झाडाशेजारी वीस-वीस वर्षं राहतात आणि त्याला पालवी कधी फुटते ते त्यांना सांगता येत नाही. माहितीचे फलक लावून काही होत नाही, पण गोष्ट सांगितली तर माणूस मान वर करून बघतो. तुझं म्हणणं असं की मान वर करून पोट भरत नाही. तुला वाटलं, मामा व्यवहारी आहे, हाताला काळं लावून वर आलेला आहे, तो दोन महिन्यांत तिला ताळ्यावर आणेल. तुझा अंदाज चुकीचा नव्हता. चौदाव्या वर्षी मी घर सोडलं तेव्हा माझ्याजवळ एक शर्ट आणि एक पत्ता होता, आणि तो पत्ताही चुकीचा निघाला. रॉकेलच्या घमेल्यात नटबोल्ट धूत मी पंप शिकलो. आज माझ्या वर्कशॉपात सहा माणसं काम करतात आणि आसपासच्या निम्म्या इमारतींत पाणी चढतं ते माझ्या हातून. असल्या माणसाकडे गोष्टींना वेळ कुठून असणार, असं तुला वाटलं. मलाही तसंच वाटत होतं.

तर आमच्या वसाहतीत चार इमारती आहेत, प्रत्येकी चार मजले. मध्ये फरसबंद अंगण, अंगणाखाली पाण्याची टाकी, टाकीच्या कडेला, आमच्या इमारतीला लागून, पंपाची खोली आणि खोलीला अगदी खेटून एक झाड. या झाडाला नाव नाही. म्हणजे असणार, पण आमच्यापैकी कुणाला माहीत नव्हतं. सगळे ‘टाकीजवळचं झाड’ म्हणायचे, जसं ‘टाकीजवळचा नळ’ म्हणतात तसंच. तुझ्या लेकीला माहीत होतं. मी विचारलं तर म्हणाली, नाव सांगितलं की माणसं बघायची थांबतात, मामा, आधी बघू देत. (हे मला तेव्हा उद्धटपणाचं वाटलं. नंतर मी वर्कशॉपात विचार केला, गिऱ्हाइकाला बिघाडाचं नाव सांगितलं की तोही पंपाकडे बघायचं थांबतो आणि माझ्याकडे बघायला लागतो. तेव्हा बरोबर असावं.) आता गंमत अशी, आणि ही तुझ्यापासून मी लपवलेली पहिली गोष्ट, की ते झाड तोडावं असा अर्ज तिच्या येण्याआधीच सोसायटीत पडलेला होता आणि त्यावर पहिली सही माझी होती. मुळं टाकीच्या भिंतीत घुसली होती. एका बाजूने पाणी झिरपत होतं. पंपवाल्याने आणखी काय करायचं? टाकी वाचवायची.

तिने पहिल्या रविवारी नऊ वाजता अंगणात सतरंजी टाकली. ऐकायला आम्ही तिघं. मी, तुझी भावजय आणि समोरच्या इमारतीतले एक गृहस्थ. पुढे कळलं की ते किल्ली हरवल्यामुळे बायको परत यायची वाट बघत होते. ताई, पोरगी सांगते छान. मुळं जमिनीखाली काय चाचपत असतील, पहिल्यांदा पाणी लागतं तेव्हा काय होत असेल, ते पाणी चार मजले वर कसं जात असेल, हे ती अशी सांगत होती की किल्लीवाले गृहस्थ बायको आल्यावरही पाचेक मिनिटं बसले. पण वरच्या गॅलऱ्यांतून माझ्या कानावर जे येत होतं ते वेगळं होतं. ‘पंपवाल्यांची भाची आहे. लग्नाचं जमत नाही म्हणून असं झालंय.’ ‘अहो, जोरात बोलते, झोपमोड होते.’ दुसऱ्या रविवारी आम्ही दोघंच. त्या रात्री ती जेवली नाही, आणि डोकं दुखतंय म्हणाली. माझ्या कानांना खोटी डोकेदुखी कळते.

तिसऱ्या रविवारी मी वेळ बदलली, साडेसात केली, कारण मला नऊला बाहेर जायचं होतं. एवढंच कारण होतं, माझ्यावर विश्वास ठेव. साडेसात ही पाणी चढवायची वेळ आहे हे माझ्या ध्यानात नव्हतं. ती सांगत होती. मी झाडाला टेकून उभा होतो. माझ्या खिशात लांब स्क्रूड्रायव्हर नेहमी असतो. आमच्या धंद्यात त्याचं टोक मोटरच्या अंगावर टेकवायचं आणि मूठ कानाशी धरायची. बेअरिंग गेलं आहे का, पाणी ओढताना हवा येते आहे का, सगळं आतलं बोलणं ऐकू येतं. चाळीस वर्षांची सवय, एखादी उभी वस्तू मुकाट असली की हात आपोआप खिशात जातो. मी ते टोक झाडाला लावलं आणि मूठ कानाला लावली.

आणि ऐकू आलं. खोल, सलग घुरघुर आणि तिच्यात ठरावीक अंतराने एक बारीक खरखर.

ते काय आहे हे मला दोन सेकंदांत कळलं. मोटरचं मागचं बेअरिंग, ग्रीस संपलेलं. पंपाचा हादरा पाइपातून मुळांत, मुळांतून खोडात. मुळांनी त्या पाइपाला मिठीच मारलेली होती. पण मी ओळखण्याच्या नादात डोळे मिटले होते, आणि तेवढ्यात दूध घेऊन जाणारी तिसऱ्या मजल्यावरची शिवणकामवाली थांबली आणि म्हणाली, काय ऐकताय? मी डोळे उघडले. तुझी लेक माझ्याकडे बघत होती. ती तेव्हाच गोष्टीत पाणी चार मजले चढण्याच्या जागी आली होती आणि तिचा चेहरा, काय सांगू, दोन रविवार कुणीच न ऐकलेल्या माणसाचा होता. मी म्हणालो, पाणी चढतंय. ती उठून जवळ आली. तिने विचारलं, झाडातलं? आणि मी मान हलवली. तोंडाने मी खोटं बोललो नाही, ताई. मानेने बोललो.

शिवणकामवालीने दूध खाली ठेवलं आणि कान लावला. मग वरून एक उतरले, मग दोघं. तुझी लेक सगळ्यात शेवटी ऐकायला गेली. बराच वेळ ऐकत राहिली.

पुढच्या रविवारी तीस माणसं होती. त्याच्या पुढच्या रविवारी पलीकडच्या वसाहतीतून आले. रांग लागायची. एकेकाला अर्धं मिनिट. आणि वाट बघणाऱ्यांना ती गोष्ट सांगायची आणि आता ते ऐकायचे, कारण कानाने एकदा खरं मानलं की मागून मन येतंच. मग लोकांना झाड दिसायला लागलं. खोडावर एक जुना तारेचा वळ आहे तो दिसला. दुपारी सावली कुठवर जाते यावर भांडणं झाली. एकाने बाल्कनीतून वाटीभर पाणी ओतलं ते माझ्या डोक्यावर पडलं, म्हणाला, तुमच्यासाठी नव्हतं. रोज सकाळी शिवणकामवाली दूध आणताना थांबायची, आणि मी गॅलरीतून तिच्याकडे बघत चहा प्यायचो आणि तो कडू लागायचा. कारण बेअरिंग मी बदललं नव्हतं. ऐकते आहेस ना? तुझ्या भावाने, ज्याने आजवर कण्हणारा पंप तसाच सोडून घरी जाऊन कधी झोप घेतली नाही, त्याने स्वतःच्या दारचा पंप दोन महिने कण्हत ठेवला. वर्कशॉपातल्या माणसांनी दोनदा विचारलं. मी म्हणालो, बघू. माझ्या तोंडून ‘बघू’ त्यांनी त्याआधी ऐकलेलं नव्हतं.

व्हायचं तेच झालं. लोक सेक्रेटरींकडे गेले, झाड तोडायचं नाही. सेक्रेटरी म्हणजे निवृत्त कोर्ट कारकून, भला माणूस, पण त्याला ऊन पडलं तरी ते लेखी लागतं. त्यांनी सभा बोलावली. ठराव असा की झाड ठेवायचं आणि टाकी व पंप इमारतीच्या मागच्या बाजूला हलवायचे. आता माझी अडचण लक्षात घे. झाड वाचवायचं तर पंप हलवायचा आणि पंप हलवला की झाडाचा आवाज जाणार, ज्याच्यासाठी ते झाड वाचवत होते. मी रात्रभर विचार केला आणि ठरवलं की सभेत खरं सांगायचं. उठलो. म्हणालो, मंडळी, तुम्ही जो ऐकताय तो माझ्या मोटरच्या मागच्या बेअरिंगचा आवाज आहे.

मग सेक्रेटरींनी चष्मा पुसला, फाइल उघडली आणि म्हणाले, “झाड तोडण्याच्या अर्जावर पहिली सही आपलीच आहे ना?”

म्हणालो, हो.

“मग बरोबर आहे,” ते म्हणाले, आणि सगळे हसले. मागून कुणीतरी म्हणालं, टाकी हलवायचं काम अंगावर येतंय म्हणून बोलतोय. माझी भाची पहिल्या रांगेत होती. ती माझ्याकडे बघून हसली नाही, पण रागावलीही नाही; मामा हरला आहे आणि हरताना जरा चिडीचा डाव खेळतोय, असं समजून तिने मान खाली घातली. माझ्या बाजूने. मला वाचवायला. खोटं बोललो तेव्हा वसाहतीने डोक्यावर घेतलं आणि खरं बोललो तेव्हा भाचीला माझी लाज वाटली. ठराव पास झाला.

टाकी हलवायला सहा आठवडे लागले. मी स्वतः उभा राहून करून घेतलं. बेअरिंग नवीन घातलं. त्या बाबतीत माझ्याने राहवलं नाही. तुझी भावजय एकदा भाजी निवडता निवडता म्हणाली, आवाज थांबल्यावर काय करणार आहात? तिला सगळं पहिल्या दिवसापासून माहीत होतं. पंपाची खोली तिच्या स्वयंपाकघराच्या बरोबर खाली होती, ती खरखर ती भांडी घासताना ऐकत आली होती. मी म्हणालो, तोवर लोकांचा उत्साह ओसरेल. ती म्हणाली, लोकांचा ओसरेल, तिचा नाही ओसरायचा.

नवीन पंप सुरू झाल्यावरचा पहिला रविवार. त्याच आठवड्यात झाडाने पानं टाकायला सुरुवात केली होती, दरवर्षीसारखीच, पण आधी कुणी बघितलंच नव्हतं म्हणून सगळ्यांना ती पहिल्यांदाच वाटली. अंगणभर पिवळी पानं. चाळीस माणसं. तिने गोष्ट सांगितली, स्क्रूड्रायव्हर पहिल्या माणसाच्या हातात दिला. त्याने ऐकलं. जागा बदलून ऐकलं. दुसऱ्याकडे दिला. शिवणकामवालीने ऐकलं आणि बाजूला झाली. मग कुजबुज सुरू झाली आणि ती सगळी माझ्या कानांत आली. ‘गेलं.’ ‘टाकी हलवली, पाणी तोडलं, मरणारच.’ ‘पानं बघा की.’ सेक्रेटरी म्हणाले, मेलेलं झाड इमारतीला टेकून उभं ठेवणं नियमात बसत नाही, पुढच्या रविवारी विषय घेऊ.

माझ्या भाचीने स्क्रूड्रायव्हर घेतला आणि खोडाच्या चारी बाजूंनी लावून पाहिला, खाली बसून मुळांना लावून पाहिला. मग माझ्यापाशी आली. “मामा, तू ऐक. तुझे कान चांगले आहेत.”

मी कान लावला. काही नव्हतं. मी सरळ उभा राहिलो आणि तिथेच, सगळे पांगत असताना, हळू आवाजात तिला सांगितलं. सभेत बोललो ते खरं होतं म्हणून.

तिने विचारलं, “कधीपासून माहीत होतं?”

“पहिल्या दिवसापासून.”

तिने ओरडायला हवं होतं. तू ओरडली असतीस, मी ओरडलो असतो, आपल्या घरात ओरडणं हे प्रकृतीला चांगलं मानतात. ती पानांकडे बघत म्हणाली, “पाच वर्षं मी गोष्टी सांगते. पहिल्यांदा लोक थांबले. बेअरिंगसाठी थांबले.” मग म्हणाली, तू माझ्यासाठी केलंस ते मला कळतं. हे तिने माझं मन राखायला म्हटलं आणि ते मला सगळ्यात जास्त लागलं. सकाळच्या गाडीने ती तुझ्याकडे आली. तुझ्याकडे येऊन ती विमा कचेरीत गेली. म्हणजे तुझं काम मी केलं, ताई, पण समजावून नाही केलं. फसवून केलं, आणि फसवायचं नव्हतं तेव्हा केलं.

आता पुढचं ऐक. पुढच्या रविवारी साडेसातला मी गॅलरीत आलो तर खाली अकरा माणसं. गोष्ट सांगणारी नाही, आवाज नाही, पानं नाहीत, तरी अकरा माणसं सतरंजी नसताना फरशीवर बसलेली, आणि सेक्रेटरी हातात कागद घेऊन. मी खाली गेलो. म्हटलं, कागदाआधी एक गोष्ट सांगतो. मला गोष्ट कशी सांगतात ते येत नाही, म्हणून ती जशी सुरू करायची तशी केली. एक पंपवाला होता. त्याची एक भाची होती. आणि मग सगळं सांगितलं, किल्लीवाल्या गृहस्थांपासून (ते समोरच बसले होते, कानाच्या पाळ्या लाल झाल्या) मागच्या बेअरिंगपर्यंत, मानेने खोटं बोलण्यापर्यंत, त्या दोन महिन्यांच्या ‘बघू’पर्यंत. सभेत जे एका वाक्यात सांगितलं होतं तेच. सभेत कुणी विश्वास ठेवला नव्हता. आता कुणी हललं नाही. मला वाटतं, सभेत मी फक्त त्यांची चूक सांगितली होती. गोष्टीत मला माझीही सांगावी लागली.

शेवट मला माहीत नव्हता. गोष्ट तिथवर आली आणि मी थांबलो आणि वर बघितलं, कारण माझ्या भाचीच्या गोष्टीत ह्या जागी सगळे वर बघायचे. उघड्या फांद्या, चार मजल्यांच्या वर गेलेल्या. मग तोंडातून आलं ते माझ्या धंद्यातलंच आलं. म्हणालो, ज्या गुरूकडे मी शिकलो ते म्हणायचे, पंपाचा आवाज ही त्याची तक्रार असते. बोलतो तो पंप आजारी. मी आयुष्यभर पंप गप्प करत आलो आणि एकही पुरता गप्प झालेला नाही. हे झाड चार मजले पाणी चढवतं. मोटर नाही, तेल नाही, आणि मी कान लावला तर काही ऐकू येत नाही. पंपवाला म्हणून सांगतो, मी ऐकलेलं हे सगळ्यात निरोगी यंत्र आहे. मेलंय की नाही हे पालवीवरून ठरवा, माझ्या कानावरून नको.

सेक्रेटरींनी कागदाची घडी घातली. मग पुन्हा उघडली, खिशातून पेन काढलं आणि लिहिलं, ‘पालवीपर्यंत तहकूब’. खाली तारीख घातली. मग पालवीची तारीख काय लिहायची म्हणून माझ्याकडे बघितलं, आणि मी झाडाकडे बोट दाखवलं, आणि त्यांनी आयुष्यात पहिल्यांदा रकाना कोरा सोडला.

सगळे गेल्यावर शिवणकामवाली मागे राहिली. म्हणाली, आवाज पंपाचा आहे हे मला पहिल्या आठवड्यातच कळलं होतं, पाणी सोडायच्या वेळेलाच यायचा. मी म्हणालो, मग रोज कशाला थांबायचात? ती दूध उचलत म्हणाली, “तेवढी दहा मिनिटं मला कुणी हाक मारत नव्हतं.”

पालवी बाविसाव्या दिवशी आली. तांबूस, नखाएवढी, सर्वांत वरच्या फांदीवर, आणि ती मला नाही, किल्लीवाल्यांच्या बायकोला दिसली. तिने गॅलरीतून हाक मारली आणि चारही इमारतींच्या गॅलऱ्या भरल्या. सेक्रेटरी दुर्बीण घेऊन आले, खात्री केली, रकाना भरला. झाड राहिलं.

रविवारी लोक अजून येतात. वीसेक. मी सांगतो. चार रविवारी चार गोष्टी सांगितल्या. चारही गोष्टींत कुठला तरी पंप बिघडतो, सगळे हात टेकतात आणि मग मी येऊन तो नीट करतो. गेल्या खेपेला शिवणकामवालीने विचारलं, ह्यात झाड कुठंय? मी सांगतो ते माझ्याबद्दल असतं, ताई. पोरगी सांगायची तेव्हा ती स्वतः त्यात कुठे नसायची. ते शिकायला चाळीस वर्षं लागत असावीत, आणि मी तेवढी चाळीस दुसरीकडे घालवली.

असो. दाजींना नमस्कार. डोळ्यांत थेंब वेळेवर घाल. लिहिलेलं अक्षर लागलं नाही तर दाजींकडून वाचून घेऊ नकोस, त्यांच्या पोटात काही राहत नाही.

तुझा धाकटा,
पंपवाला

ता. क. तू फोनवर म्हणालीस, ती मुकाट्याने जाते-येते, एक शब्द बोलत नाही, आणि हे तू आनंदाने सांगितलंस. पंपाबद्दल मी वर जे लिहिलं ते माणसांना लावू नकोस. माणूस गप्प झाला तर तो निरोगी नसतो. तेव्हा काम हे आहे, पत्र त्याचसाठी लिहिलं आहे: तिला परत पाठव. निदान रविवारी. कचेरी सोडायला मी सांगत नाही, शनिवारी संध्याकाळची गाडी आहे. खूळ काढायला तू मला सांगितलंस, मी काढलं. आता ते परत घालायला मी तुला सांगतो आहे, आणि तुझं माझ्यापेक्षा जास्त ऐकते ती.

ता. क. २. पुढच्या रविवारी ती येणार असं मी सगळ्यांना सांगून बसलो आहे. सेक्रेटरींनी ते फलकावर लावलंदेखील. हे अर्थात चुकलंच.

ता. क. ३. पाकीट बंद केलं होतं ते पुन्हा उघडलं. आज सकाळी पंप बंद असताना, कुणी नसताना, मी झाडाला कान लावला. सवयीने. आणि मला काहीतरी ऐकू आलं. अगदी बारीक, थांबून थांबून. पाइप तिथे आता नाही, ड्रेनेज दुसऱ्या बाजूला आहे, वारा नव्हता, मुंग्या असतील म्हणून खोड पुसून पुन्हा ऐकलं. इतक्या वर्षांत मला नाव सांगता आलं नाही असा हा पहिला आवाज. कुणाला सांगितलेलं नाही. तिने येऊन ऐकावं. काही भलतंच निघालं तर ह्या वेळी मी तिच्याआधी सांगेन, सगळ्यांसमोर.

ही शेवटची ता. क. तिला दाखवू नकोस. तिला वाटेल, मामा पुन्हा तेच करतोय. नुसती पाठव.